रंभाबाईची वीत

एकोणीसशे शहात्तर सालच्या आषाढात आमच्या चिचटोलीच्या चावडीत सतरा बायांचे पंजे मोजले गेले. कोणाचा काही गुन्हा नव्हता. ग्रामसेवक भैय्यालालजींना आठ इंच हवे होते आणि गावात आठ इंच सापडत नव्हते.

ग्रामपंचायतीचा टेप कपाटात होता, कपाटाची चावी सरपंचांच्या कमरेला होती आणि सरपंच भंडाऱ्याला गेले होते. कधी परततील हे त्यांनाही ठाऊक नसावं. शाळेतून मास्तरांची लाकडी पट्टी आणली, पण ती तासाभरासाठीच मिळाली. तिच्याशिवाय तिसरीचा वर्ग ताळ्यावर राहत नसे. मग भैय्यालालजींनी ठरवलं, की पट्टी परत जायच्या आत गावातली आठ इंचांची एखादी वस्तू हेरून ठेवायची. खूप विचार करून त्यांनी हात निवडला. धानाचा रोवणा, म्हणजे रोपांची लावणी, बाया करतात, आणि हात घरी विसरून कोणी बांधीत, धानाच्या खाचरात, येत नाही.

बायांनी पाळीपाळीनं पंजा ताणून टेबलावर ठेवला. शकुनबाईची वीत सात इंच निघाली. ललिताबाईची साडेसात. पुष्पाबाईची पावणेनऊ निघाली, त्यावर बाया इतक्या हसल्या की तिनं पुढचे दोन दिवस हात पदराखालीच ठेवला. शेवटी रंभाबाई आली. तिनं आधी पंजा लुगड्याला पुसला, मग टेबलावर ताणला. आठ. भैय्यालालजींनी पट्टी उलटी धरून पुन्हा मोजलं. उलटीकडूनही आठच.

"बाई, हा हात आता सरकारी झाला," ते म्हणाले.

"मंग सरकारनं याले तेलबी पुरवावं जी," रंभाबाई म्हणाली आणि तिनं बोटांच्या बेचक्या उघडून दाखवल्या. चिखल्यांनी तिथली कातडी पांढरी पडून सोलली होती. भैय्यालालजींनी वहीत 'तेल' असं लिहून घेतलं. ते तेल अजून यायचं आहे.

रंभाबाई आमच्या गावातल्या रोवणा करणाऱ्या टोळीची म्होरकी. वय पंचेचाळीसच्या आसपास, अंगानं वाळकी, पण कमरेत वाकली की दुपारच्या भाकरीपर्यंत सरळ होत नसे. तिच्या घरी मुलगा डोमा, सून चंद्रकांता आणि एक बकरी. डोमाचा बाप अकरा वर्षांपूर्वी तलावाच्या पाळीवर पान लागून, म्हणजे साप चावून, गेला. तेव्हापासून घर रोवणा आणि कापणी यांवर चाले. रोवण्याच्या महिन्यात सासूसुनेला मजुरीचे जे धान मिळे, ते पोळ्यापासून दिवाळीपर्यंत चुलीवर असे. ते न मिळालं तर चूल मोकळी.

त्या साली पाऊस मृगात आला, गावाला तोंड दाखवून गेला आणि परत आलाच नाही. तलाव अर्धाच भरला. तलावाच्या पाण्याच्या पाळ्या बांधून दिल्या गेल्या. गावातली सगळ्यात मोठी शेती लक्ष्मणराव पाटलांची. त्यांच्या बारा एकरांपैकी तलावाखालच्या एकरभराला चार दिवस मिळाले. चौथ्या दिवशी सांजेला पाणी पलीकडच्या बाजूला फिरवायचं म्हणजे फिरवायचं. वाफ्यातले पऱ्हे, म्हणजे लावायची रोपं, चाळीस दिवसांचे होऊन शेंड्यांना पिवळे पडले होते. आणि नेमका हाच मुहूर्त साधून भैय्यालालजींनी जाहीर केलं, की यंदा लक्ष्मणरावांच्या शेतात रोवणा नव्या पद्धतीनं होणार. दोरी ताणून, ओळीत, रोपारोपांत आठ इंच. भंडाऱ्याहून साहेब जीपनं पाहायला येणार.

आमच्याकडे तोवर बाया रोपं लावत मागं मागं सरकत, गाणी म्हणत, एकमेकींच्या सासवांची उणीदुणी काढत. रोप जिथं हात पडेल तिथं लागे. धान त्याला काही हरकत घेत नसे.

टोळीनं कुरकुर केली. तेव्हा भैय्यालालजींनी शांतपणे सांगितलं, की इथल्या बायांना जमत नसेल तर आंधळगावाकडं शिकवून तयार केलेली एक टोळी आहे, ती ट्रकनं आणता येईल. एकदा ती आली की दर साली तीच येईल. बाकीच्या सोळा बायांनी रंभाबाईकडं पाहिलं. तिनं आपला हात पाहिला आणि म्हणाली, की गाठी बांधायला दोरी कुठं आहे तेवढं सांगा.

गाठी रंभाबाईच्या अंगणात बांधल्या गेल्या. चाळीस हात लांब अंबाडीची दोरी, दर आठ इंचांवर गाठ आणि गाठीत लाल चिंधी. काम सुरू होणार एवढ्यात लक्ष्मणरावांच्या पत्नी उषाबाई स्वतः आल्या. पाटलाच्या घरची बाई टोळीवालीच्या अंगणात यायची ही पहिलीच वेळ, म्हणून चंद्रकांतानं घाईनं पाट दिला. उषाबाई बसल्या नाहीत. उभ्या उभ्याच त्यांनी खाली मान घालून सांगितलं, की दोरी हवी ती कर, पण तिला तुझा हात लागू देऊ नको.

कारण सगळ्यांना माहीत होतं. रोवण्याची पहिली मूठ गावात सवाशीण लावते. लक्ष्मणरावांच्या शेतात ती उषाबाई लावत. ताटात हळद, कुंकू, नारळ, एक पेटती उदबत्ती. त्या चिखलात उतरून पहिली मूठ लावत, मग टोळी उतरे. विधवा बाईनं तोवर धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, थांबायचं. तिचा हात आधी लागला तर शेताच्या मालकाच्या जिवाला धोका, असा समज. रंभाबाई टोळीची म्होरकी असून अकरा वर्षं दर आषाढात धुऱ्यावर उभी राही, बाकी बाया पाण्यात उतरल्या की मागून उतरे आणि पाच मिनिटांत सगळ्यांच्या पुढं जाई. त्या पाच मिनिटांत ती कोणाकडं पाहत नसे.

"हात नाई लावत," रंभाबाई म्हणाली. "नुसता दाखवतो."

मग असं ठरलं, की रंभाबाईनं पंजा जमिनीवर ताणून धरायचा, डोमानं त्याच्या वरून अधांतरी दोरी न्यायची आणि अंगठा ते करंगळी अंतर नजरेनं धरून गाठ मारायची. दोरी हाताला लागता कामा नये. पाटलीनबाईंनी थोडा वेळ उभं राहून हे नीट चालतं का ते पाहिलं आणि त्या गेल्या. दोन दिवस रंभाबाई अंगणात हात पसरून बसली. बकरी दोनदा हातावरून गेली. दुसऱ्या दिवशी दुपारी हात बधिर झाला, तेव्हा चंद्रकांतानं मोहाच्या बियांचं तेल कोमट करून चोळलं आणि सासूला विचारलं, की एवढं कायले सोसता. रंभाबाईनं सांगितलं, की ट्रक येऊ नये म्हणून.

या दोन दिवसांत एक बांबूची काडी रंभाबाईच्या वितीएवढी मोडावी आणि तिनं सगळं मोजावं, हे डोमाला सुचलं नाही. भैय्यालालजींना सुचलं नाही. पट्टी परत नेणाऱ्या मास्तरांना सुचलं नाही. गावाला ते रोवण्यानंतर चार दिवसांनी सुचलं.

रोवण्याच्या दिवशी सकाळी आभाळ राखेसारखं होतं आणि पाऊस नव्हताच, तरी बायांनी पळसाच्या पानांची इरली सवयीनं आणली होती. बांधीत चिखलणी होऊन घोट्याच्या वर पाणी होतं. धुऱ्यावर पिवळ्या शेंड्यांच्या पऱ्ह्यांच्या जुड्या रचल्या होत्या. उषाबाई ताट घेऊन उभ्या होत्या. गावातले सगळ्यात वयस्क बाबूलालकाका छत्री उघडून बसले होते. डोमा आणि शेजारच्या टिकारामनं दोरीची दोन टोकं धरून ती बांधीत ताणली. सैल पडली म्हणून पुन्हा ताणली. मग भैय्यालालजी म्हणाले, की कोरडी दोरी पाण्यावर तरंगेल, आधी भिजवून घ्या. दोरी चिखलात बुडवून ठेवली. तोवर सगळ्यांनी चहा घेतला. रंभाबाईच्या कपाला कान नव्हता. तो कप तिच्यासाठी वेगळा ठेवलेला असे, पण त्या काळी त्याचं कोणाला काही वाटत नसे, कपालाही नाही.

दोरी वर काढून ताणली. तिचं एक टोक धुऱ्याशी आलं होतं, तिथं रंभाबाई उभी होती. ती वाकली आणि दोन गाठींच्या वर, हात न लावता, पंजा ताणून पाहिला. अंगठ्याचं पूर्ण पेर बाहेर राहत होतं. तिनं पुढच्या गाठीवर पाहिलं. तिथंही तेच.

"दोरी खोटी हाये जी," ती म्हणाली.

अंबाडीची दोरी भिजली की आकसते. ही गोष्ट आमच्या गावात दोरी वळणाऱ्या प्रत्येकाला माहीत आहे. बैलांच्या कासऱ्यांनी ती पिढ्यान्‌पिढ्या शिकवली आहे. पण सरकारी दोरीही आकसेल असं कोणाला वाटलं नव्हतं. आठाचे सात झाले होते. ओल्या गाठी दगडासारख्या घट्ट बसल्या होत्या. डोमानं दातांनी एक सोडवायचा प्रयत्न केला, दात हलला. भैय्यालालजींचा चेहरा पऱ्ह्यासारखा झाला. साहेब टेप घेऊन येणार होते. सात निघाले तर पुढच्या साली ट्रक ठरलेला. पाणी सांजेपर्यंतच होतं.

उपाय एकच दिसत होता. दोरी नुसती सरळ ओळीपुरती ठेवायची आणि रंभाबाईनं बांधीत उतरून चिखलात वीत टेकवत पुढं जायचं. पण पहिली मूठ तर अजून लागलेली नव्हती. मूठ आधी लावावी, तर ती आठ इंचांच्या ओळीतलीच पाहिजे, असा भैय्यालालजींचा हट्ट. प्रात्यक्षिकाचं पहिलं रोपच चुकीच्या जागी लावलं तर साहेब काय म्हणतील. तेव्हा आधी वीत, मग मूठ. म्हणजे विधवेचा हात आधी.

मग बाबूलालकाकांनी छत्री मिटली आणि ज्याच्या जिवाचा प्रश्न होता त्यालाच विचारलं.

"लक्ष्मण, तुले काही होईन का गा?"

लक्ष्मणराव गुडघाभर पाण्यात मोरीचं दगडमातीचं तोंड फावड्यानं नीट करत होते. त्यांनी मान वर करून आभाळ पाहिलं, पाणी पाहिलं.

"आज तं सवड नाई काका," ते म्हणाले. "सांजेपावतर पाणी फिरवाचं हाये." आणि पुन्हा फावडं मारू लागले.

सगळ्यांनी रंभाबाईकडं पाहिलं. ती लुगड्याचा काचा घट्ट करत होती. पण पाण्यात पाय घालायच्या आधी थांबली.

"पाटलीनबाई," ती म्हणाली, "मी आत जाईन. पण रोवणाऱ्या बाईचा हात चिखलात गेला का रोप ठेवूनच बाहेर येते. पहिली मूठबी मीच लावीन. नाई तं मी धुऱ्यावरच बरी."

चंद्रकांतानं सासूचा पदर ओढला. उषाबाईंच्या एका हातात ताट होतं आणि दुसऱ्या हातात उदबत्ती. ती केव्हाच जळून नुसती काडी उरली होती आणि त्या ती काडी तशीच धरून उभ्या होत्या. त्यांनी एकदा नवऱ्याच्या पाठीकडं पाहिलं. एकदा हातातल्या काडीकडं पाहिलं. मग काडी पाण्यात टाकली, जुडीतून एक मूठ उपसली, तिला हळदकुंकू लावलं आणि ती रंभाबाईपुढं धरली.

रंभाबाईनं मूठ घेतली. घेताना दोघींची बोटं लागली.

मग ती पाण्यात उतरली, वीत टेकवली, आणि अंगठ्याच्या जागी पहिलं रोप लावलं. करंगळीच्या जागी दुसरं. पुढं पुढं हात असा चालला की अळीसारखा पसरे आणि मिटे. मागून टोळी उतरली. ओळीत गाणी म्हणता येत नाहीत हा समज तिसऱ्या ओळीला खोटा ठरला. फक्त सासवांबद्दल बोलताना मान वळवता येत नसे, समोर पाहूनच बोलावं लागे. दुपारपर्यंत रंभाबाईच्या चिखल्या फुटून पाण्यात लाल रेघा जात होत्या. तिनं हात थांबवला नाही. सांजेला पाणी फिरवलं तेव्हा शेवटच्या बांधीची शेवटची ओळ लागली होती.

साहेबांची जीप तलावाच्या पाळीखाली चिखलात रुतली. सतरा बायांनी ती ढकलून काढली. त्यात साहेबांचे बूट आणि पॅन्ट असे भरले की त्यांनी बांधीपर्यंत चालत यायचा विचार सोडला आणि जीपमधूनच ओळी पाहिल्या. सरळ दिसतात, म्हणाले. टेप त्यांनी आणलाच नव्हता.

आंधळगावचा ट्रक काही आला नाही.

चार दिवसांनी गावाला काडी सुचली. पण रोप आता लागलेलं होतं आणि लागलेलं रोप कोणी उपटत नाही. मग गाव लक्ष्मणरावांवर लक्ष ठेवू लागलं. ते शिंकले की लोक रंभाबाईच्या घराकडं पाहत. भाद्रपदात त्यांना ताप आला, तेव्हा टोळीतल्या सगळ्या बाया पाळीपाळीनं त्यांच्या ओट्यावर येऊन बसल्या. रंभाबाई रोज गुळवेलीचा काढा करून डोमाच्या हाती पाठवी. लक्ष्मणराव पुढं म्हणत, की ताप परवडला, काढा नाही. ते बरे झाले. धान चांगलं आलं. पुढच्या आषाढात शेजारच्या दोघा शेतकऱ्यांनी रंभाबाईला निरोप पाठवला, की आमच्याकडंही पहिली मूठ तुमच्या हातानंच लागू द्या. त्यापुढच्या साली शकुनबाईचा नवरा वारला, ती धुऱ्यावर थांबली नाही आणि तिला कोणी थांब म्हणालं नाही. पाचव्या साली नवीन आलेल्या ग्रामसेवकाला बाबूलालकाका छत्रीखालून समजावून सांगत होते, की आमच्या गावात पहिली मूठ विधवेनं लावायची, हे बापजाद्यांपासून चालत आलं आहे. ग्रामसेवकानं ते वहीत लिहून घेतलं.

कान नसलेला कपही त्याच सुमारास नाहीसा झाला. कोणी फोडला, टाकला, काही कळलं नाही. एके साली सगळे कप सारखे होते एवढंच.

लक्ष्मणराव चौऱ्याऐंशीच्या हिवाळ्यात गेले. बहात्तराव्या वर्षी, झोपेत. पहिली मूठ लागून आठ वर्षं झाली होती. अंत्ययात्रेत सगळ्यांत जास्त रडली ती रंभाबाई. लोकांना ते जरा चमत्कारिक वाटलं. पण इतकी वर्षं त्या माणसाला जिवंत ठेवायची जबाबदारी तिच्यावर होती, हे लोक विसरले होते. ती विसरली नव्हती.

पंच्याऐंशीच्या आषाढात पाऊस वेळेवर होता, तलाव काठोकाठ होता, मोरीला लोखंडी दार बसलं होतं. टोळीतल्या निम्म्या नव्या पोरी सहावी-सातवी शिकलेल्या. दोरी आता नायलॉनची होती, निळी, न आकसणारी. पण गाठी मारायची वेळ आली की डोमा अजूनही आईपुढं दोरी धरत असे आणि आई आता खुशाल तिला हात लावत असे.

हिवाळ्यापासून घराबाहेर न पडलेल्या उषाबाई त्या सकाळी शेतावर आल्या. कपाळ मोकळं. हातात ताट होतं, कारण दर साली ताट त्याच आणत. त्यांनी मूठ रंभाबाईला दिली आणि मागं सरून धुऱ्यावर उभ्या राहिल्या. अगदी त्याच जागी, बाभळीच्या खुंटाशी, जिथं रंभाबाई अकरा वर्षं उभी राहिली होती. आणि त्या कोणाकडं पाहत नव्हत्या.

रंभाबाई पाण्यात उतरली होती. तिनं मूठ लावली नाही. मागं वळली आणि चिखलानं भरलेला हात वर केला.

"या."

"मी कायले," उषाबाई म्हणाल्या. "तू लाव ना."

"अर्धी तुमची हाये. या म्हणतो ना. मले वाकून राहवत नाई आता, कंबर दुखते."

उषाबाईंनी ताट चंद्रकांताच्या हाती दिलं, चपला काढल्या आणि तो हात धरून पाण्यात उतरल्या. इतक्या वर्षांत पाण्याची सवय गेली होती. पाय सटकला तसा रंभाबाईनं दंड धरला. मूठ दोघींनी वाटून घेतली. लावत लावत बांधीच्या मध्यावर आल्या तेव्हा टोळी मागं राहिली होती आणि बोलणं ऐकायला फक्त एक बगळा होता. हे बोलणं गावाला कळलं ते पुढं रंभाबाईनंच सांगितलं म्हणून.

"पाटलीनबाई, एक सांगू का," ती म्हणाली. "थ्या साली बांधीत उतराचं काही कामच नोयतं. एक काडी माह्या वितीएवढी मोडून डोमाजवळ देली असती तं झालं असतं. मले थ्याच टायमाले सुचलं होतं, धुऱ्यावर. मी बोललीच नाई."

उषाबाईंनी एक रोप लावलं. दुसरं लावलं.

"मलेबी सुचलं होतं," त्या म्हणाल्या. "माह्या हातात उदबत्तीची काडी होती."

रंभाबाईचा हात चिखलातच थांबला. "मंग तुमी काहून नाई बोलल्या?"

"तू काहून नाई बोलली?"

रंभाबाईनं उषाबाईंच्या हातात आपल्या मुठीतली थोडी रोपं दिली, त्यांची संपत आली होती.

दोरी धुऱ्यावरच राहिली होती. सांजेला ग्रामसेवक स्टीलचा टेप घेऊन आले आणि त्यांनी ती पहिली ओळ मोजली. नऊ. साडेसहा. पावणेआठ. एके ठिकाणी तर चारच. तिथं बहुधा उषाबाईंचा पाय सटकला असावा. त्यांनी धुऱ्यावर पाय सोडून बसलेल्या दोघी म्हाताऱ्यांकडं पाहिलं. एक दुसरीच्या बोटांच्या बेचक्यांत तेल चोळत होती. मग त्यांनी टेप गुंडाळला आणि वहीत लिहिलं, आठ.